जुळवून घेतलेलं चाक

बीड, म्हणजे ओतीव लोखंड, वितळवून साच्यात ओतलं आणि थंड झालं की ते आटतं. फुटामागे इंचाचा आठवा भाग. दूध आटतं हे स्वयंपाकघरात कळतं, नवं कापड पहिल्या धुण्यात आटतं हे शिंप्याला कळतं. पण लोखंड आटतं म्हणून सांगितलं की लोक माझ्या तोंडाकडे बघतात. या आटण्यावर माझ्या घरची चूल उभ्या नोकरीत पेटली, म्हणून त्याच्यापासूनच सुरुवात करतो.

माझं काम पॅटर्न करण्याचं. बिडाची जी वस्तू ओतायची तिचा आधी हुबेहूब लाकडी नमुना करायचा. मोल्डर तो नमुना पेटीतल्या ओल्या वाळूत दाबून बसवतो, अलगद काढून घेतो आणि मागे राहिलेल्या पोकळीत बिडाचा रस ओततो. वस्तू थंड होताना आटणार, म्हणून नमुना तेवढा मोठा हवा. त्यासाठी दर वेळी हिशेब करत बसायला नको म्हणून आमच्याकडे एक वेगळी फूटपट्टी असते. तिच्यावरचा फूट खऱ्या फुटापेक्षा इंचाचा आठवा भाग जास्त. दिसायला साधी पट्टी, पण खोटी. खात्यात तिला सगळे फुगीर पट्टी म्हणत. मी नवा असताना ती पट्टी चुकून खिशात घालून सासुरवाडीला गेलो आणि सासऱ्यांच्या नव्या खोलीला दार करून दिलं. चौकट तिथल्या सुतारानं खऱ्या फुटानं केलेली, दार मी फुगीर फुटानं. दार काही लागेना. सासरे चार माणसांत म्हणाले, "जावई कारखान्यात हाय, तवा मोठंच करायचा." ते दार मी दुपारभर रंधत बसलो होतो.

या अंकाच्या संपादकांची इच्छा अशी की मी आमच्या कारखान्याच्या मालकांविषयी लिहावं. माळावर कारखाना काढणारा माणूस मोठाच असतो, आणि आमचे मालक होतेच मोठे. पण मोठ्या माणसाचं चरित्र लिहायला शिकलेले लोक आहेत. मी आता सांगलीच्या विश्रामबागेत मुलाच्या घरी बसून नातवाला भोवरे करून देणारा म्हातारा. मला एका चाकाची गोष्ट सांगता येईल. मालक तीत येतातच.

त्या वेळी सांगली हे संस्थान होतं आणि आजच्या सांगली जिल्ह्यातला बराचसा मुलूख सातारा जिल्ह्यात मोडत असे. आमचा कारखाना रेल्वेलाईनच्या कडेला, उघड्या माळावर. मी विट्याकडचा सुतार. आमच्याकडची पोरं सोनं गाळायला मुलूखभर जात, मी लोखंड ओतायला जवळच्या जवळ आलो. कारखाना मुख्यतः ऊस गाळायचे बिडाचे चरक करायचा. तीन उभे रूळ, त्यांच्या डोक्यावर एकमेकांत अडकलेली तीन दातेरी चाकं, आणि मधल्या रुळाला लांब दांडा. बैल दांडा ओढत गोल फिरतात, रूळ फिरतात, ऊस मधून जातो आणि रस खाली येतो. बिडाच्या चरकानं गूळ काळा पडतो, असं म्हणणारी माणसं मी स्वतः पाहिली आहेत. एकजण तर गुळाची ढेप घेऊन कारखान्याच्या फाटकावर भांडायला आला होता. त्याची रस कढवायची काहील वर्षभर घासलेली नव्हती, हे कबूल करायला त्याला दोन कप चहा लागले.

चरकाचं दुखणं एकच. चाकाचा दात तुटतो. उसाच्या मोळीत दगड आला, बैल बुजले, की कडकन दात जातो. आणि जातो तो भर गुऱ्हाळात. तोडलेला ऊस रानात वाळत पडतो, रस आंबतो, काहिलीखालचं चुलाण विझतं. मग शेतकरी तुटकं चाक पोत्यात गुंडाळून गाडीत घालून कारखान्यात आणायचा. आजारी माणूस दवाखान्यात आणावा तसे चेहरे असायचे. आम्ही त्या तुटक्या चाकावरून नवं ओतायचो, मग फिटर ते घेऊन गावाला जायचा आणि तिथं कानशीनं घासून, ठोकून बसवायचा. यात आठ दिवस सहज जात.

फिटरनं जायचंच कशासाठी, हा प्रश्न त्या काळी कुणाला पडतच नव्हता. आमच्या कारखान्यातला एक चरक दुसऱ्यासारखा नसे. लाकडी पॅटर्न पावसाळ्यात फुगतो, उन्हाळ्यात सुकतो, प्रत्येक ओताचं माप थोडं इकडं तिकडं. ते सगळं फिटर जुळवून घ्यायचा. या चाकाचा दात घास, त्या बेअरिंगखाली पत्र्याची पट्टी घाल, की चरक लोण्यासारखा फिरू लागे. म्हणून एका चरकाचं चाक दुसऱ्याला बसत नसे. एकाचं धोतर दुसऱ्याला येईल, पण सदरा येत नाही, असं आम्ही गिऱ्हाइकाला समजावून सांगायचो.

या जुळवण्याच्या कामातला राजा म्हणजे दस्तगीर मिस्त्री. मिरजेचे. आम्ही त्यांना चाचा म्हणायचो. उंच, वाळका माणूस, डोक्याला कायम रुमाल. चाचा चाकाच्या दातावरून अंगठा फिरवायचे आणि कुठं केसभर जास्त आहे ते सांगायचे. गावात गेले की पाटलाच्या घरी जेवण, पहिल्या काहिलीचा गूळ, निघताना नारळ. चाचा आल्याशिवाय चरक चालत नाही, ही गोष्ट पंचक्रोशीत पोरांनाही माहीत होती. आणि खरं सांगतो, मी इतके कारागीर बघितले, पण चाचांसारखा हात पुन्हा दिसला नाही.

मग दुसऱ्या महायुद्धाची लढाई आली. कच्चं बीड परमिटावर गेलं. परमिट मिळालं तरी माल मिळेना. नवे चरक करायला बीड नाही, आणि नवे चरक नाहीत तर भट्टी कशाला पेटवायची? एका संध्याकाळी सुट्टीची घंटा झाल्यावर मालकांनी सगळ्या खात्यांच्या मुख्य माणसांना पॅटर्नच्या खोलीत बोलावलं. खुर्च्या नव्हत्या, मालक माझ्याच कामाच्या बाकावर बसले.

म्हणाले, "भट्टी बंद झाली तर दीडशे घरं उपाशी राहतील. नवे चरक विकता येणार नाहीत. पण विकलेले चरक गावोगाव आहेत आणि त्यांची चाकं मोडतात. आपण चाकं विकू."

चाचा म्हणाले, "ती तर इकतोच की, मालक."

"तुम्ही जाऊन बसवता, मिस्त्री. मला असं चाक हवंय की ते बाजाराच्या गावी वाण्याच्या दुकानात तयार असेल. शेतकरी तुटकं घेऊन येईल, ते देईल आणि नवं घेऊन जाईल. घरी जाऊन स्वतःच बसवेल. तुटकं बीड आपल्या भट्टीत परत येईल. परमिटाची कटकटच नको."

तुटकं आणून द्या आणि नवं घेऊन जा, ही कल्पना आज कुणाला विशेष वाटणार नाही. पण बीड मिळत नाही, म्हणून गिऱ्हाइकाच्या अंगणात पडलेलं मोडकं बीडच आपली खाण समजायची, ही गोष्ट सुचायला त्या माणसाचंच डोकं हवं होतं.

चाचांनी विचारलं, "शेतकरी बसवंल? कानस कोन मारंल?"

"कानस लागताच कामा नये," मालक म्हणाले.

चाचांनी डोक्यावरचा रुमाल काढला, झटकला आणि परत बांधला. मला त्यांच्या मनातलं त्या वेळी कळलं नाही. मी तरणा होतो आणि मालकांचं पुढचं बोलणं ऐकण्यात गुंग झालो होतो, कारण ते माझ्याविषयी होतं. गावोगाव विकलेल्या चरकांतले वीस-पंचवीस मोजून त्यांचं मधलं माप काढायचं, आणि त्या मापाचं एकच चाक कायमचं ठरवायचं. लाकडी पॅटर्न फुगतो-सुकतो, म्हणून पॅटर्नच बिडाचा करायचा. तो बदलणार नाही. त्याच्यावरून हजार चाकं काढा, सगळी जुळी भावंडं. जुन्या चरकात थोडाफार फरक असतो, तेवढा दातांमधली मोकळीक सांभाळून घेईल. "आणि हे सगळं गोविंदाच्या हातात आहे," असं मालक सगळ्यांसमोर म्हणाले. गोविंदा म्हणजे मी.

मी उन्हाळाभर गावं हिंडलो, चरक मोजले. शेतकऱ्यांना वाचता येत नाही, मग दुकानात चाक मागायचं कसं, ही अडचण मीच काढली आणि उपायही मीच सांगितला. मधल्या रुळाच्या चाकावर सूर्य आणि बाजूच्या चाकांवर चंद्र, असं पॅटर्नवरच कोरलं, म्हणजे प्रत्येक ओतावर खूण उठून येते. मालकांनी माझी पाठ थोपटली. पुढं गावात लोक 'सूर्याचं चाक द्या' असंच म्हणू लागले. मला फार अभिमान वाटायचा, आणि त्या अभिमानातच मी घसरलो.

पॅटर्न मी सागाचा केला, फुगीर पट्टीनं, नेहमीसारखा. त्याच्यावरून बिडाचा पॅटर्न ओतला. तो घासूनपुसून लख्ख केला आणि मोल्डरच्या हवाली केला. त्यावरून चाकं निघू लागली. एकसारखी, सुंदर. वाचकहो, तुमच्या लक्षात आलं का? माझ्या नाही आलं. सागावरून बिडाचा पॅटर्न ओतला तेव्हा तो एकदा आटला. त्या पॅटर्नवरून चाक ओतलं तेव्हा ते दुसऱ्यांदा आटलं. मी धरला होता एकच आटा. प्रत्येक चाक फुटामागे इंचाचा आठवा भाग लहान होत होतं.

आता हे कुणाला कळलं कसं नाही? थोडंफार बीड मिळालं होतं त्यातून त्या वर्षी थोडे नवे चरक तयार झाले. त्यांत तिन्ही चाकं नव्या पॅटर्नची. तिन्ही सारखीच लहान, म्हणून दात एकमेकांत छान बसत. रूळ तेवढे जवळ घ्यावे लागत. ते काम फिटरचं. प्रत्येक चरकाच्या बेअरिंगला चाचांची माणसं गुपचूप पत्र्याच्या पट्ट्या घालत होती आणि चरक फिरत होता. मी ते बघायला कधी गेलोच नाही. मला वाटे, बघा, माझी चाकं कशी बसतात!

दिवाळीनंतर गुऱ्हाळं लागली आणि कृष्णाकाठच्या एका गावातून निरोप आला. शिवराम आण्णा नावाचे शेतकरी. दोन्ही मुलगे पलटणीत, घरी म्हातारे आण्णा आणि थोरली सून हिराबाई. चाक मोडलं, दुकानातून सूर्याचं चाक नेलं, पण ते बसेना. मालकांनी चाचांना आणि मला पाठवलं.

आम्ही गेलो तेव्हा गुऱ्हाळ थंड पडलं होतं. तोडलेला ऊस रचून ठेवलेला, त्याच्यावर हिराबाईंनी पाला आणि ओली पोती टाकलेली. हिराबाई बैलांना वैरण घालत होत्या. आम्हाला बघून पदर सारखा केला आणि तिथूनच म्हणाल्या, "आवं, चाक दिलंसा का चेष्टा केलीसा? धा दात बसत्यात आन् मंग अडतंय. बैलांचं खांदं सोलून निघालं."

आण्णा हळू आवाजात म्हणाले, "पोरं असती तर दोन-चार दिस कशीबशी वडली असती. आमी दोघंच हाय. तिसरा दिस हाय आज, ऊस वाळाय लागलाय बगा."

मी दातांवर पट्टी ठेवली. खरी पट्टी. जुन्या चाकाचे दात आणि नव्या चाकाचे दात पहिल्यांदा जुळत होते, मग केसभर मागे पडत, मग आणखी, आणि शेवटी एकमेकांवर चढत होते. मी तिथंच खाली बसलो. सगळं एका क्षणात दिसलं. सागाचा पॅटर्न, बिडाचा पॅटर्न, चाक. दोन ओत, एक आटा.

चाचांनी माझ्याकडे बघितलं. पिशवीतून कानस काढली आणि बसले. दुपारपासून दिवेलागणीपर्यंत त्या माणसानं एकेक दात घासला. अख्ख्या चाकाचा. मी हात पुढं केला तर म्हणाले, "तू बैलं बघ." दिवे लागले तेव्हा चरक फिरला. कुरकुरत फिरला, पण फिरला. आण्णा चाचांचे पाय धरायला वाकले तेव्हा चाचांनी त्यांना वरच्यावर धरलं.

परत आलो तर आणखी दोन गावांहून तीच तक्रार. मालक संतापलेले मी प्रथमच पाहिले. त्यांनी एक नवा चरक उघडून बघितला होता आणि बेअरिंगखालच्या पट्ट्या त्यांना सापडल्या होत्या. त्यांनी सरळ अर्थ काढला. फिटरांना नवी पद्धत नको आहे, आपली गरज राहावी म्हणून यांनी मुद्दाम मापं बिघडवली. चाचांना बोलावलं. मी त्याच खोलीत उभा होतो.

"मिस्त्री, या पट्ट्या कुणी घातल्या?"

"म्या घातल्या."

"कशासाठी?"

"चरक फिरावा म्हणून, मालक."

"मला विचारलंत?"

चाचांनी नकारार्थी मान हलवली. मालक म्हणाले, "दोन दिवसांत मला खरं कारण सांगा. नाहीतर कामावर येऊ नका."

आणि मी काही बोललो नाही. हे लिहिताना आजही हात थांबतो. घरी बायकोला दिवस गेले होते, सगळ्यांसमोर थोपटलेली पाठ होती, आणि 'सगळं गोविंदाच्या हातात आहे' हे शब्द कानात होते. एक दिवस गेला. दुसराही सरत आला. चाचा येत होते, काम करत होते, माझ्याशी नेहमीसारखं बोलत होते. एकदाही डोळ्यानंसुद्धा त्यांनी मला काही विचारलं नाही. तेच मला सहन झालं नाही. दुसऱ्या दिवशी संध्याकाळी मी बिडाचा पॅटर्न उचलला, मालकांच्या खोलीत नेला आणि त्यांच्या टेबलावर ठेवला. शेजारी फुगीर पट्टी ठेवली आणि खरी पट्टी ठेवली. तोंडानं सांगायची हिंमत नव्हती, म्हणून मोजून दाखवलं.

मालकांनी दोन्ही पट्ट्या एकमेकींना लावून बघितल्या. मग विचारलं, "मिस्त्रींना हे माहीत होतं?"

मी म्हटलं, "मला ठाऊक नाही."

चाचांना बोलावलं. मालकांनी तेच विचारलं. चाचा म्हणाले, "व्हय. पयल्या चरकालाच कळलं. चाक बारकं हाय, ते अंगठ्याला कळतंय."

"मग बोलला का नाहीत?"

"दुसऱ्याची चूक मालकाच्या कानावर घालायची म्हंजी चुगली. आमच्यात ते न्हाई. पोरगं हुशार हाय. लेकुरवाळं व्हायला लागलंय. चूक झाली, आपुन जुळवून घ्यावी. आजवर आमी तेच केलं." मग म्हणाले, "आन् खरं सांगू का, मालक? थोडं बरंबी वाटलं. म्हटलं, कानस लागतीया अजून."

मी रडलो, सगळ्यांसमोर. मालकही खिडकीकडे तोंड करून उभे राहिले. मी त्यांना आयुष्यात अनेकदा मोठं काम करताना पाहिलं, पण त्या संध्याकाळी ते जे बोलले त्यापेक्षा मोठं काही केल्याचं मला आठवत नाही.

म्हणाले, "मिस्त्री, मी तुमच्यावर आळ घेतला. माझं चुकलं. गोविंदाचं चुकलं ते मापाचं. माझं चुकलं ते माणसाचं. आणि तुमचं काय चुकलं ते ऐका. तुम्ही इतकं छान जुळवून घेतलंत की चूक लपली आणि थेट त्या शेतकऱ्याच्या दारात जाऊन उघडी पडली. आजपासून कारखान्यात कुणी जुळवून घ्यायचं नाही. चूक दिसली की काम थांबवायचं आणि ओरडायचं. कुणाचीही असो. माझीही. त्याला चुगली म्हणायचं नाही."

लहान निघालेली सगळी चाकं परत मागवली. त्या वर्षी विकलेल्या नव्या चरकांचीही. मी गावोगाव हिंडून ती बदलून दिली आणि प्रत्येक ठिकाणी चूक माझी, असं सांगितलं. ही माझी शिक्षा मीच मागून घेतली होती. एका म्हाताऱ्यानं विचारलं, "आरं, कारखानदार माणूस चूक कबूल करतुय व्हय?" त्यानं पुढच्या हंगामात शेजारच्या तिघांना आमच्याकडे धाडलं.

नवा पॅटर्न मी दुहेरी आट्यानं केला. पण चाक बरोबर निघालं की नाही हे तपासायचं कसं? प्रत्येक चाक काही चाचांच्या अंगठ्याखालून जाऊ शकत नव्हतं. मालकांनी चाचांनाच विचारलं. चाचांनी पोलादाची दोन कडी केली. एकातून चाक गेलंच पाहिजे, दुसऱ्यातून जाताच कामा नये. दोन्ही जमलं तरच माल बाहेर. दातांसाठी तशीच एक फणी केली. कसलीच विद्या नसलेला गडीसुद्धा चाक कड्यात घालून सांगू शकत होता. मोठ्या शहरांतल्या कारखान्यांत असली मापं असतात हे मला पुढं कळलं. चाचांनी ती कुठं पाहिली नव्हती. आपल्या अंगठ्यात काय आहे ते त्यांनी पोलादात उतरवून दिलं. ती कडी करायला त्यांना पाऊण महिना लागला. आपलंच काम संपवणारी वस्तू माणूस किती प्रेमानं करू शकतो, हे मी त्या वेळी जवळून पाहिलं.

ओरडायचा नियम मात्र अंगवळणी पडायला फार दिवस लागले. पहिले काही महिने माणसं चूक दिसली की जवळ येऊन कानात सांगत. मग चाचाच एकदा भर फौंड्रीत, मालक उभे असताना, त्यांच्याच सहीच्या कागदावरचा आकडा चुकलाय म्हणून मोठ्यानं ओरडले. मालकांनी कागद फाडला आणि "शाबास" म्हणाले. त्यानंतर लोकांचा घसा मोकळा झाला.

पुढचा हंगाम आला. वाण्याच्या दुकानातून चाकं जाऊ लागली. तुटकं बीड पोत्यापोत्यानं परत येऊ लागलं, भट्टी एक दिवस विझली नाही. तरी शेतकऱ्याला चाक एकट्यानं बसवता येतं का, हे आम्ही अजून डोळ्यानं पाहिलं नव्हतं. शिवराम आण्णांचं चाक पुन्हा मोडलं आणि आठ दिवसांपूर्वी त्यांनी दुकानातून सूर्याचं चाक नेल्याचं कळलं, तेव्हा चाचा म्हणाले, "चल, बघून यिऊ." कानशीची पिशवी त्यांनी खांद्याला अडकवली. कुणी बोलावलं नव्हतं, आम्ही आपणहून निघालो.

गावाजवळ पोचलो तोच गुळाचा वास आला. चरक फिरत होता. आण्णा बैलांमागं, हिराबाई रुळात ऊस घालत होत्या. मला वाटलं, जवळपासच्या कुणा लोहाराला बोलावलं असेल.

चाचांनी विचारलं, "बाई, चाक कुनी बसवलं?"

"कुनी म्हंजी? म्याच," हिराबाई ऊस घालता घालता म्हणाल्या. "जुनं काढलं, सूर्य वर करून घातलं, पाचर ठोकली. मामंजी बैलं घिऊन येत हुते तवर झालंबी."

"काय घासावं लागलं का?"

"घासाय काय भांडं हाय व्हय ते?"

आण्णा हसले. चाचा चरकाजवळ गेले आणि बेअरिंगवर तळहात ठेवून उभे राहिले. डोळे मिटलेले. मी त्यांच्या तोंडाकडे बघत होतो. एक फेरा झाला, दुसरा झाला. दात दातात बसत होते, कुठं अडत नव्हतं.

हिराबाई म्हणाल्या, "चाचा, जरा बाजूला व्हा की. बैलं बुजतील. काम लय हाय आज."

चाचा बाजूला झाले. आण्णांनी रस दिला, तो आम्ही उभ्याउभ्या प्यालो. कुणाला आमच्याशी बोलायला वेळ नव्हता. थोडा वेळ थांबलो आणि निघालो. नदीच्या वाटेनं बरंच अंतर चाचा माझ्यापुढं झपझप चालत होते. त्यांचं दुःख मला ठाऊक होतं. शेवटी मीच म्हटलं, "चाचा, तुमाला वाईट वाटलं का?"

ते थांबले. पिशवी या खांद्यावरून त्या खांद्यावर घेतली.

"वाटलं की," म्हणाले. "ह्या गावात मला आता कोन बोलावणार न्हाई. त्या बाईनं मला बाजूला व्हा म्हटलं बघ." आणि मग हसले, मोठ्यानं, रुमाल सरकेपर्यंत. "गोविंदा, बाईमाणसानं एकटीनं चाक बसवलं रं! मामंजी बैलं आणत हुते तवर!"

पुढं स्टेशन येईपर्यंत त्यांनी हे वाक्य मला चार-पाचदा ऐकवलं. आणि कारखान्यात पोचल्यावर फाटकापासून भट्टीपर्यंत जो भेटेल त्याला थांबवून सांगत सुटले.